घाटावरची शीळ

रस्त्यात मागून शीळ आली तर वळून बघायचं नाही, हे आईनं लहानपणी शिकवलेलं मी बऱ्यापैकी पाळत आले होते. पण त्या सकाळी शीळ मागून नाही, समोरून आली, आणि तीसुद्धा ज्या शाळेत मी हजर व्हायला निघाले होते त्या शाळेच्या ओट्यावरून. सेनगावहून काळीपिवळीत स्वतःला कोंबून घेऊन, पुसेगावच्या अलीकडं उतरून, पाणंदीच्या चिखलात एक चप्पल सोडून ती परत उपसून काढून मी फाटकापाशी पोचले होते. डोकं तापलेलंच होतं. गावात पाय ठेवत नाही तोच हे सुरू, म्हटलं आता चांगली खरडपट्टी काढते. वर बघितलं तर पांढरा शर्ट, खिशाला दोन पेनं, पावसाळ्यातही गळ्याला मफलर, असा पन्नाशीतला माणूस चिंचेकडं तोंड करून, डोळे मिटून शीळ घालत उभा. चाहूल लागली तरी त्यानं ती अर्धवट सोडली नाही. पुरी केली, ओठ पुसले आणि म्हणाला, "या मॅडम. तुमचीच वाट बघून राह्यलो. मी मुख्याध्यापक."

दोन शिक्षकांची शाळा, म्हणजे एक ते आणि एक मी. अशा शाळेत दोन माणसं एकमेकांच्या जितकी वाट्याला येतात तितकी नवरा-बायकोही येत नसतील. खिचडीचे तांदूळ, ऑनलाइन भरायची माहिती, गळका वर्ग, न येणारी पोरं, सगळं दोघांत. दुपारी चार वाजता आम्ही दोघं ओट्यावर बसायचो तेव्हा बोलायचीही ताकद उरलेली नसायची. सर मफलर सोडून मांडीवर घ्यायचे आणि म्हणायचे, "दमलो, मॅडम." मी म्हणायची, "मी पण." तेवढंच बोलणं. मग ते शीळ घालायचे.

ती शीळ कुठल्याच गाण्याची नव्हती. सुरू व्हायची हळू, मग वर चढायची, मधेच वाट चुकल्यागत भलतीकडं जायची, आणि संपली असं वाटावं तर कुणाला तरी हाक मारल्यासारखी परत उठायची. मधल्या एका सुरावर हमखास नुसती हवा सुटायची, फुस्स. सरांचा समोरचा एक दात अर्धा तुटलेला होता. त्या जागी आले की दर वेळी त्यांच्या कपाळाला आठी पडायची. "हितं पाखराचं असं न्हाई, मॅडम. हितं तर ते लई गोड जाते. हा माझ्या दाताचा दोष हाय."

पाखरू म्हणजे शीळकरी कस्तूर. मैनेपेक्षा जरा थोराड, लांबून काळं, ऊन पडलं की कपाळावर आणि खांद्यावर निळं चमकणारं. डोंगरातल्या ओढ्याकाठी, दाट झाडीत राहतं आणि पावसाळ्यात पहाटे अगदी माणसासारखी शीळ घालतं. इंग्रजीत त्याला शीळ घालणारा शाळकरी पोरगा म्हणतात, हे सरांनी मला पहिल्याच आठवड्यात सांगितलं होतं. आमच्याकडं ते येण्याचा प्रश्नच नव्हता. आमच्याकडं काळी जमीन, सोयाबीन, तूर, बांधावर बाभळी. गावातल्या कुणी ते पाहिलेलं नव्हतं, मी पाहिलेलं नव्हतं, आणि खरं सांगायचं तर पाहायची हौसही मला नव्हती.

सरांची दुसरी खोड म्हणजे ते कोणत्याही पोराला 'चूक' म्हणायचे नाहीत. सात आणि आठ किती, विचारलं आणि पोरगं तेरा म्हणालं की सर शांतपणे म्हणायचे, "बराबर. आता दुसरं सांग." पोरगं म्हणायचं चौदा. "बराबर. आता दुसरं सांग." असं करत करत ते पंधरापर्यंत यायचं तेव्हा सर नुसते "बराबर" म्हणून पुढं जायचे. दुसरं सांग म्हणाले नाहीत म्हणजे उत्तर आलं, हे पहिलीतल्या लेकरांनाही ठाऊक होतं. मला या प्रकाराचा फार राग यायचा. एका बेरजेला अर्धा तास जायचा आणि बाकीच्या वर्गाचा आवाज माझ्या भिंतीवर आदळायचा. मी एकदा चिडून म्हटलं, "सर, सरळ चूक म्हणा की." ते म्हणाले, "चूक म्हनलं की लेकरू गप बसते, मॅडम. मला गप बसलेलं मानूस सोसत न्हाई."

त्यांना नोकरी लागली ती पार सिंधुदुर्गातल्या एका घाटमाथ्यावर. आमच्याकडच्या कितीतरी शिक्षकांची उमेदीची वर्षं अशी तिकडं बदलीची वाट बघण्यात गेली. घरी आई अंथरुणाला खिळलेली, म्हणून बायको सेनगावला राहिली. दर उन्हाळ्यात सर आंतरजिल्हा बदलीचा अर्ज करायचे आणि दर उन्हाळ्यात त्यांना वाटायचं, यंदा येतेच. त्यामुळं त्यांनी तिथं बिऱ्हाड म्हणून केलंच नाही. एक ट्रंक, एक स्टोव्ह, कपड्याला एक दोरी. भिंतीला खिळासुद्धा ठोकला नाही. बायकोनं "मला एकदा तिकडं न्या" म्हटलं की यांचं उत्तर तयार, "काय बघतीस तिथं? बदली तर होऊनच राह्यली." अशी त्यांची तरुणपणाची सगळी वर्षं बांधलेल्या सामानाशेजारी निघून गेली.

घाटाबद्दल त्यांच्या तोंडून मी कधी चांगला शब्द ऐकला नाही. मीठ ठेवलं की त्याचं पाणी, खडू ठेवला की त्याचा लगदा, पायाला जळवा, अंगावर कायम ओला शर्ट. दातही तिथलाच. बदलीचा आदेश आला म्हणून कुणीतरी सांगितलं, हे धावत निघाले, शेवाळलेल्या जांभ्याच्या पायरीवरून घसरले आणि तोंडावर आपटले. आदेश दुसऱ्याच कुणाचा होता. खोलीच्या मागं ओढा आणि ओढ्यात हे पाखरू. पहिल्या पावसाळ्यात सरांनी त्याला चप्पल फेकून मारली होती, झोपमोड करतं म्हणून. दुसऱ्या का तिसऱ्या पावसाळ्यात ते तापानं पडले. "कुनी दार वाजवलं न्हाई, मॅडम," ते म्हणाले. "निस्तं पडून राह्यलो होतो. सकाळ झाली एवढं त्या पाखरामुळं कळायचं. ते वाजलं की मी म्हनायचो, चला, आज बी हावो आपन."

बरं, शीळ घालायची तर घरी घालावी. मुख्याध्यापकानं शाळेच्या ओट्यावर उभं राहून घातली तर गाव काय म्हणेल? गावानं म्हटलंच. ओट्यासमोरच पाण्याचा नळ होता, सकाळी तिथं बायकांची रांग. शाळा समितीचे अध्यक्ष एक दिवस घसा खाकरत आले आणि मला बाजूला घेऊन म्हणाले, "मॅडम, सर चांगले हायेत, पन बायामानसांत शीळ म्हन्जे... चर्चा होऊन राह्यली गावात." मी म्हटलं, तुम्हीच सांगा त्यांना. त्यांनी सरांना न सांगता वर सांगितलं, आणि केंद्रप्रमुख मोटारसायकलवरून चौकशीला हजर झाले.

चौकशी ओट्यावरच झाली. नळावरच्या बायका घागरी खाली ठेवून ऐकायला थांबल्या.

"सर, तुमी शीळ वाजवता?"

"वाजवतो."

"काहून?"

"ते पाखरू हाय, साहेब."

केंद्रप्रमुखांनी चिंचेत बघितलं. "कुठं हाय?"

"हितं न्हाई. घाटात हाय."

केंद्रप्रमुखांनी माझ्याकडं बघितलं. मी खाली बघितलं. मग ते म्हणाले, "बरं, वाजवून दाखवा." सरांनी मफलर सैल केला, डोळे मिटले आणि सगळी शीळ पहिल्यापासून शेवटपर्यंत, फुस्ससकट, घातली. तेव्हा रांगेतली एक म्हातारी पुढं आली.

"ही व्हय ती शीळ? साहेब, मी जलमभर या गावात राह्यले, शीळ मला कळती. ही शीळ आयकून कोनची बाई वळंल? ही तर आपलीच वाट हुडकून राह्यली. मास्तरला कशाला तकलीफ देता?"

बायका तोंडाला पदर लावून हसल्या, अध्यक्षही हसले आणि केंद्रप्रमुख चहा घेऊन गेले. जाताना एवढंच म्हणाले की परिपाठाच्या वेळेला नका वाजवू. सर म्हणाले, "बराबर." त्या दिवसापासून गावात त्यांच्या शिळेला कुणी नाव ठेवलं नाही. मला मात्र त्या दिवशी पहिल्यांदा विचारावंसं वाटलं की हे सगळं कशासाठी. एक माणूस पन्नाशी उलटल्यावर, इतका दमलेला असताना, रोज एका पाखराची घोकंपट्टी का करतो?

मी विचारलं तेव्हा सर म्हणाले, "आमच्या घरी चला."

सेनगावात त्यांचं दोन खोल्यांचं घर होतं. काकूंनी दार उघडलं. ठेंगण्या, सावळ्या, कपाळ मोकळं, नजर सारखी समोरच्याच्या ओठांवर. मी "कशा आहात काकू?" म्हटलं तर म्हणाल्या, "व्हय, चहा ठेवलाच हाय." त्यांचे कान जात चालले होते. नांदेडच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं की शीर सुकत चालली आहे, थांबायची नाही. यंत्र आणलं होतं, पण त्यात माणसांपेक्षा भांडीच जास्त ऐकू येतात म्हणून त्यांनी ते डब्यात ठेवून दिलं होतं. पावसाळ्यात विहारात वर्षावासाचं ग्रंथवाचन असतं, तिथं काकू नेमानं जायच्या. आधी त्या भिंतीला टेकून मागं बसायच्या. मग मधे बसायला लागल्या. मी गेले त्या वर्षी त्या वाचणाऱ्याच्या पुढ्यात, सतरंजीच्या कडेला बसत होत्या. यापुढं सरकायला जागा नव्हती.

"बदली आली तवा आई गेलेली होती," सर म्हणाले. काकू समोरच बसल्या होत्या, पण ते हळू बोलत होते म्हणून त्यांना कळत नव्हतं. "पोरगी सासरी गेलती. मी म्हनलं, चला, आता आपन दोघं, निवांत बोलू. अन् मी बोलायला घरी आलो, मॅडम, तर हिचे कान जाऊन राह्यले."

इतकी वर्षं ते तिकडून फोनवर बायकोशी बोलायचे ते या पाखराबद्दलच. दुसरं सांगण्यासारखं तिथं काही नव्हतं. आज कसं वाजलं, काल कसं वाजलं होतं. एकदा फोन खिडकीबाहेर धरला तर तिला नुसता पाऊस ऐकू आला. "एकदा हिला तिथं न्यायचं. पुरं बहिरं व्हायच्या आत. त्या पाखराची खरी शीळ हिच्या कानात पडली पाह्यजे, बस. माझी ती वर्सं कशी गेली ते हिला तेवढ्यानं कळंल. मला सांगता येत न्हाई." म्हणून रोज संध्याकाळी ते काकूंच्या कानाशी तोंड नेऊन शीळ घालायचे, म्हणजे तिथं गेल्यावर तिला ओळखू येईल. आणि विसरू नये म्हणून शाळेच्या ओट्यावर सराव.

मी आजकालच्या अकलेनं मोबाइल काढला आणि शीळकरी कस्तुराचा आवाज शोधून लावला. सरांनी मान तिरपी करून शेवटपर्यंत ऐकला. म्हणाले, "बराबर हाय. पन हे दुसरं कोनतं तरी पाखरू हाय, मॅडम. आपलं न्हाई." काकूंनी मोबाइल कानाला लावला आणि म्हणाल्या, "पाऊस हाय का?"

मग दर आषाढात सर रजेचा अर्ज करायचे. मी म्हटलं, उन्हाळ्याच्या सुटीत जा ना. ते म्हणाले, उन्हाळ्यात ते नीट तोंड उघडत नाही, आषाढ-श्रावणातच. आणि आषाढ-श्रावणात आमच्या डोक्यावर काय नसायचं? कधी प्रशिक्षण, कधी मतदार याद्या, कधी घरोघरी सर्वेक्षण. ते गेले तर शाळेला मी एकटी, म्हणून वरून नकार. एका वर्षी मात्र रजा मिळाली. कोल्हापूरच्या गाडीचं आरक्षण झालं, काकूंनी दशम्या केल्या, आणि आदल्या संध्याकाळी फोन आला की कुणीही मुख्यालय सोडायचं नाही. दुसऱ्या दिवशी सर दशम्यांचा डबा घेऊन शाळेत आले. आम्ही त्या पोरांना वाटल्या. त्यांनी स्वतः एक खाल्ली, चिंचेकडं बघत. त्या दिवशी त्यांनी शीळ घातली नाही आणि मला ते फार लागलं. मी त्या शिळेला कंटाळले होते, तरी लागलं.

त्यानंतर घाई सुरू झाली. सर रोज सकाळी आले की मला काकूंच्या कानांची खबर द्यायचे. कुकरची शिट्टी आता ऐकू येत नाही. दाराची कडी येत नाही. उजव्या कानाला अजून थोडं येतं. मग फक्त पहाटे, सगळं शांत असताना येतं. मला घरी गेल्यावर माझ्या कुकरची शिट्टी ऐकूनही कसंतरी व्हायला लागलं होतं.

शेवटी सर निवृत्त झाले. गावानं सत्कार केला, शाल-श्रीफळ दिलं, त्या म्हातारीनं पुढं येऊन सांगितलं, "मास्तर, एकडाव वाजवा," आणि त्यांनी सगळ्या गावासमोर शीळ घातली. त्याच श्रावणात दोघं कोल्हापूरच्या गाडीत बसले. मी नव्या मुख्याध्यापकांना तांदळाचा हिशोब समजावत होते, तेव्हा फोन वाजला. मागं धो धो पाऊस. सर ओरडून बोलत होते, "मॅडम! आयकू आलं! पहाटे वाजलं, खोलीच्या मागंच. तीच जागा. मी हिच्याकडं बघितलं तर ही डोळे मिटून मान हालवून राह्यली. मी इचारलं, आलं का? तर म्हने, व्हय, आलं की!" मी वर्गाबाहेर जाऊन रडले. का रडले ते नव्या सरांना सांगता आलं नाही. डोळ्यात कचरा गेला म्हटलं.

ते परत आल्यावर एका रविवारी मी त्यांच्या घरी गेले. सर उजळले होते. गळ्याला मफलर नव्हता. खिडकीजवळ भिंतीला एक नवा खिळा ठोकलेला होता आणि त्याला घाटातून आणलेली वेताची टोपली टांगली होती. काकूंनी चहा आणला. आता त्यांना काहीच ऐकू येत नव्हतं, ओठांवरून जेवढं कळेल तेवढं. सर त्यांच्यासमोर जाऊन बसले आणि एकेक शब्द तोंडानं घडवत म्हणाले, "मॅडमला सांग. कसं वाजलं ते सांग."

काकू लाजल्या. मग पदर सारखा करून, हातानं हवेत दाखवत, सांगायला लागल्या.

"पयले हळूहळू आलं, बरं का. मग वर वर गेलं. मग कुठं तरी भलतीकडंच चाललं, म्हनलं गेलं वाटते. तर न्हाई. मधी एका जाग्याला नुस्ती हवा सुटली. अशी, फुस्स." काकूंनी ओठांचा चंबू करून ती हवा सोडून दाखवली. "अन् मग पुन्हा उठलं, कुनाला हाक मारल्यावानी. लई गोड, मॅडम. यायनं सांगितलं तस्संच."

मी सरांकडं बघितलं नाही. मला बघवलं नाही. कप हातात धरून मी त्या नव्या खिळ्याकडं बघत बसले. काकू आमच्या दोघांच्या ओठांवर आळीपाळीनं नजर फिरवत होत्या, बरोबर सांगितलं का म्हणून, परीक्षेला बसलेल्या लेकरासारख्या.

मग बघितलंच. सरांची जीभ त्या तुटक्या दातावर गेली होती. ती तिथंच थांबली. कपाळाला आठी नव्हती. त्यांनी काकूंच्या गुडघ्यावर हात ठेवला आणि त्यांना ओठ नीट दिसतील असं तोंड समोर आणून म्हणाले, "बराबर."

मी वाट बघत राहिले. दुसरं सांग असं ते म्हणाले नाहीत.